कारवी आणि एक दुर्मिळ इंग्रजी विशेषण

सन २०२४ च्या पावसाळ्याच्या उत्तरार्धात, भाद्रपदाच्या सुमारास, बोरिवलीच्या पूर्वेस असलेल्या डोंगरांचे उतार जांभळ्या-निळ्या फुलांनी भरून गेले होते. कान्हेरीच्या लेण्यांकडे जाणाऱ्यांना ती फुले दिसली, आणि याच डोंगराच्या दुसऱ्या अंगाला, मुलुंड-ठाण्याच्या बाजूस, येऊरच्या रानातही ती दिसली. फुले कारवीची होती. "दर आठ वर्षांनी फुलणारी कारवी" असे तिचे वर्णन वर्तमानपत्रांतून झाले, घराघरांतून तेच वाक्य बोलले गेले, आणि मुलांनी ते शाळेत जाऊन सांगितले. हे वाक्य सोपे आहे व कानाला गोडही लागते. परंतु ते अर्धेच खरे आहे. उरलेले अर्धे सत्य सांगणारा एक शब्द इंग्रजी वनस्पतिशास्त्रात आहे. तो इतका विरळा आहे की इंग्रजीचे उत्तम जाणकारही त्यापाशी अडखळतात. तो शब्द म्हणजे 'प्लायटीशियल'.

विशेषणाचे काम नामाविषयी काही अधिक सांगणे हे होय. बहुतेक विशेषणे एकच गोष्ट सांगतात. तांबडा म्हटले की रंग कळतो, उंच म्हटले की माप कळते. 'प्लायटीशियल' हे विशेषण मात्र एका दमात तीन गोष्टी सांगते. ज्या वनस्पतीला ते लावावयाचे ती अनेक वर्षे जगणारी असली पाहिजे. तिने आयुष्यात एकदाच फुलून, फळून मरून गेले पाहिजे. आणि हे फुलणे तिने एकटीने न करता त्या प्रदेशातील आपल्या सर्व समवयस्कांसह एकाच हंगामात केले पाहिजे. या तिन्हींपैकी एक जरी अट उणी पडली तरी हा शब्द लागू होत नाही.

शब्दाची घडण ग्रीक आहे. त्यातील पूर्वार्ध 'अधिक' या अर्थाचा, तर उत्तरार्ध 'एटोस' म्हणजे वर्ष या शब्दाच्या कुळातला. एकाहून अधिक वर्षांचा हिशेब ज्याच्या पोटात आहे असा तो शब्द. याच 'एटोस'पासून झालेले दुसरे एक विशेषण इंग्रजीत आहे, तेही दुर्मिळच. ग्रीस देशाच्या पूर्वेस एजियन समुद्रावर उन्हाळ्यात उत्तरेकडून नेमाने वारे वाहतात. त्यांना 'ईटीशियन' वारे म्हणतात. ईटीशियन म्हणजे वर्षाचे वर्षाला येणारे. हिरोडोटस या प्राचीन ग्रीक इतिहासकाराच्या काळी काही लोकांचे असे म्हणणे होते की, हे वारे नाईल नदीचे पाणी समुद्रात जाऊ देत नाहीत व म्हणून तिला पूर येतो. हिरोडोटसने हे मत आपल्या ग्रंथात नोंदवून ते खोडूनही काढले आहे. मुंबईच्या माणसाला या शब्दाची ओळख पटावयास वेळ लागू नये. 'मौसिम' म्हणजे ऋतू या अरबी शब्दापासून जसे आपल्याकडे मोसमी वारे आले, तसेच वर्षवाचक ग्रीक शब्दापासून तिकडे ईटीशियन वारे आले. वाऱ्याला त्याच्या दिशेवरून नाव न देता त्याच्या वेळापत्रकावरून नाव द्यावे, ही कल्पना दोन्हीकडे सारखीच. 'प्लायटीशियल' या शब्दानेही वनस्पतीला तिच्या रंगावरून वा आकारावरून न ओळखता तिच्या वेळापत्रकावरून ओळखले आहे.

या शब्दाच्या तीन अटी नीट समजण्यासाठी त्याच्या शेजारी राहणारे दोन शब्द आधी पाहिले पाहिजेत. पहिला शब्द 'मोनोकार्पिक'. ग्रीक 'मोनोस' म्हणजे एक व 'कार्पोस' म्हणजे फळ. अर्थात आयुष्यात एकदाच फळणारी वनस्पती. शेतातले भात, ज्वारी, हरभरा ही सर्व पिके या व्याख्येत बसतात. एका पावसाळ्यात किंवा हिवाळ्यात ती उगवतात, फुलतात, दाणा धरतात आणि वाळून जातात. आंबा, फणस, चिंच यांचे याच्या उलट. ती झाडे एकदा फळू लागली की वर्षानुवर्षे फळत राहतात. कोकणचा हापूस एक वर्षाआड भरघोस येतो अशी बागाइतदारांची तक्रार असते. परंतु तेच झाड पुन्हा मोहरते, म्हणून त्याला मोनोकार्पिक म्हणता येत नाही.

मोनोकार्पिक वनस्पतींतही काही दीर्घायुषी आहेत. रेल्वेच्या कडेला किंवा बांधावर लावलेले घायपात पुष्कळांनी पाहिले असेल. वर्षानुवर्षे ते नुसती जाड, काटेरी टोकाची पाने वाढवीत बसते. मग एके वर्षी मधूनच खांबासारखा उंच दांडा वर येतो, त्यावर फुलोरा येतो, आणि तो उरकला की ते झाड मरते. कोकणातला भेरली माड आणखी मोठे उदाहरण होय. हा माड अनेक वर्षे वाढून उंच झाला म्हणजे प्रथम शेंड्याजवळ फुलतो, मग एकेक पेर खाली उतरत फुलोऱ्यांची लोंबती झुंबरे सोडतो, आणि अगदी खालचा फुलोरा संपला की त्याचे आयुष्य संपते. केळीचेही सामान्यतः हेच उदाहरण दिले जाते. एकदा घड धरलेली केळ पुन्हा घड देत नाही, म्हणून ती तोडून टाकतात. पण केळीचा कंद जमिनीखाली जिवंत राहून नवी पिल्ले फोडीत असतो, तेव्हा तिथे मरण अर्धेच असते. घायपात व भेरली माड दीर्घायुषी आहेत, एकदाच फळणारे आहेत. पण एका वाडीतला माड यंदा फुलला म्हणून शेजारच्या वाडीतला फुलत नाही. प्रत्येकाचे घड्याळ वेगळे. म्हणून दोन अटी पुऱ्या होऊनही त्यांना प्लायटीशियल म्हणता येत नाही.

दुसरा शेजारी शब्द 'ग्रिगेरियस'. लॅटिन 'ग्रेक्स' म्हणजे कळप. कळपाने राहणाऱ्या जनावरांना आणि मित्रमंडळींत रमणाऱ्या माणसांना इंग्रजीत हे विशेषण लावतात. वनस्पतिशास्त्रात मात्र एखाद्या प्रदेशातील एका जातीची सर्व झाडे एकदम फुलली तर त्या फुलण्याला ग्रिगेरियस म्हणतात. याचे प्रसिद्ध उदाहरण बांबूचे. बांबूच्या अनेक जाती दीर्घकाळ न फुलता राहतात आणि मग रानेच्या राने एका वेळी फुलून, बी धरून मरून जातात. मोनोकार्पिक या शब्दातून मरण कळते पण सामुदायिकता कळत नाही. ग्रिगेरियस या शब्दातून सामुदायिकता कळते पण मरण कळत नाही. प्लायटीशियल या शब्दात दोन्ही आहेत आणि मधल्या अनेक वर्षांची प्रतीक्षाही आहे.

आता हा शब्द जिला सर्वांत शोभतो त्या कारवीकडे वळावे. कारवी ही अडुळशाच्या कुळातली. अबोली आणि कोरांटी यादेखील त्याच कुळातल्या. शास्त्रीय भाषेत तिला 'स्ट्रोबिलँथस कॅलोसा' असे नाव आहे. ग्रीक 'स्ट्रोबिलोस' म्हणजे पाइनच्या झाडाचा शंकू व 'अँथोस' म्हणजे फूल. या गणातील वनस्पतींचे फुलोरे शंकूसारखे दिसतात म्हणून हे नाव. लॅटिन 'कॅलोसा' म्हणजे घट्टे पडलेली, निबर कातडीची. कारवीच्या खरखरीत अंगाला ते योग्यच आहे. पश्चिम घाटाच्या व कोकणच्या डोंगरउतारांवर ती दाटीने वाढते, आणि कित्येक ठिकाणी तिच्या गर्दीत दुसऱ्या झुडपास जागा उरत नाही. बोरिवलीपासून येऊरपर्यंत पसरलेल्या संजय गांधी राष्ट्रीय उद्यानाचे क्षेत्र सुमारे १०४ चौरस किलोमीटर आहे. पश्चिमेस बोरिवली, मालाड, गोरेगाव आणि पूर्वेस मुलुंड, भांडुप या उपनगरांच्या मधोमध ते पडले आहे. विहार व तुळशी हे तलावही त्याच रानात आहेत. या रानाच्या उतारांवरील कारवीने १९९२, २०००, २००८, २०१६ आणि २०२४ या वर्षी बहर धरला.

या तारखांमधील अंतर आठ वर्षांचे आहे हे खरे. परंतु २०१६ साली जे झुडूप फुलले तेच २०२४ साली फुलले काय? नाही. २०१६ ची झुडपे फुलून, बी धरून मेली. त्यांची बोंडे वाळून तशीच फांद्यांवर राहिली. पुढल्या वर्षी पावसाच्या पहिल्या सरी आल्या, वाळल्या बोंडांनी ओलावा शोषला, आणि ती तडातड फुटून बी दूर उडाले. डोंगरउतारावर त्या वेळी होणारा तडतडाट रानात राहणाऱ्यांना परिचयाचा आहे. ते बी २०१७ च्या पावसात रुजले. त्या रोपांनी सात पावसाळे नुसती पाने काढली. दर वर्षी मृगाबरोबर हिरवे व्हायचे आणि पाऊस सरला की पाने गाळून काठ्यांसारखे उभे राहायचे, असा त्यांचा क्रम चालला. आठवा पावसाळा म्हणजे २०२४ चा. त्या वर्षी ती फुलली आणि त्या फुलण्यानेच तिचे आयुष्य संपले. २०२४ ची फुले म्हणजे २०१६ च्या फुलांची मुले.

तेव्हा "कारवी दर आठ वर्षांनी फुलते" हे वाक्य डोंगराविषयी खरे आहे, झुडपाविषयी खोटे आहे. डोंगर दर आठ वर्षांनी फुलतो, झुडूप एकदाच फुलते. नाशिकचा सिंहस्थ दर बारा वर्षांनी येतो आणि तोच यात्रेकरू एकाहून अधिक सिंहस्थ पाहू शकतो. कारवीच्या झुडपाला तशी सोय नाही. तिचा पहिला बहर हाच शेवटचा बहर असतो. हा भेद केवळ पंडिती काथ्याकूट वाटेल. पण त्यावर पुढे सांगितल्याप्रमाणे पुष्कळ काही अवलंबून आहे.

इतकी वर्षे थांबून सर्वांनी एकदम फुलण्यात वनस्पतीचा फायदा कोणता, असा प्रश्न सहज उपस्थित होतो. अमेरिकन शास्त्रज्ञ डॅनियल जॅन्झेन यांनी १९७६ साली बांबूच्या संदर्भात याचे एक उत्तर मांडले, आणि ते आज बऱ्याच अंशी मान्य झालेले आहे. बी हे उंदीर, पाखरे, किडे यांचे अन्न होय. दर वर्षी थोडे थोडे बी पडले तर खाणारे त्याच्या आशेवर तग धरतात आणि जवळजवळ सगळे फस्त करतात. परंतु अनेक वर्षे काहीच मिळाले नाही तर बियांवर जगणाऱ्यांची संख्या मर्यादित राहते, आणि मग एकाच हंगामात बियांचा इतका पूर आला की खाणाऱ्यांनी पोटे फुटेस्तोवर खाल्ले तरी रुजण्यापुरते बी शिल्लक उरते. लग्नाच्या पंक्तीस बसणारे पाहुणे ठरावीक असतील व पाने मात्र हजारो मांडली असतील तर अन्न उरणारच. या युक्तीत एक धोकाही आहे. जे झुडूप आपल्या सोबत्यांच्या आधी किंवा नंतर एकटे फुलेल त्याचे सारे बी खाऊन टाकले जाईल. म्हणून पिढ्यान् पिढ्या वेळ पाळणाऱ्यांचाच वंश टिकला, आणि वेळ पाळणे हाच जातीचा स्वभाव बनला. तरीही या वेळापत्रकात थोडी सूट असते. काही चुकार झुडपे मधल्या वर्षीही फुललेली आढळतात, आणि एका डोंगरावरील कारवीचे वर्ष दुसऱ्या डोंगरावरील कारवीच्या वर्षाशी जुळेलच असे नाही. मुंबईच्या रानातले वर्ष हे सह्याद्रीच्या प्रत्येक घाटातले वर्ष समजू नये.

वेळापत्रकाचे ज्ञान हा नुसता कौतुकाचा विषय नाही, हे मिझोरामच्या इतिहासावरून दिसून येते. तेथील डोंगरांवर एका जातीचा बांबू सुमारे ४८ वर्षांनी सामुदायिक रीतीने फुलतो. त्या वेळेला मिझो भाषेत 'माउताम' म्हणतात. बांबूचे बी खाऊन उंदरांची बेसुमार वाढ होते, आणि बी संपले की ते उंदीर भातशेतीवर तुटून पडतात. १९५९ च्या सुमारास असेच झाले व दुष्काळ पडला. दुष्काळनिवारणासाठी तेथे जी संघटना निघाली तिचेच पुढे मिझो नॅशनल फ्रंट या राजकीय पक्षात रूपांतर झाले, आणि १९६६ साली त्या पक्षाने सशस्त्र उठाव केला. १९८६ साली समझोता झाला तेव्हा कोठे ते प्रकरण मिटले. बांबूला फूल येणे अशुभ, ही समजूत खेड्यापाड्यांतून ऐकू येते. तिच्या मुळाशी अशा अनुभवांचा आधार आहे. फुलांमुळे दुष्काळ पडत नाही, पण फुलांपाठोपाठ उंदीर येतात हे जुन्या लोकांनी पाहिलेले होते.

कारवीची दक्षिणेकडील बहीण म्हणजे नीलकुरिंजी. तीही स्ट्रोबिलँथस याच गणातली, परंतु तिचा बहर बारा वर्षांनी येतो. केरळात मुन्नारच्या आसपासचे उंच गवताळ डोंगर २००६ साली व पुन्हा २०१८ साली तिच्या फुलांनी निळे झाले. बारा वर्षांच्या काळाला मराठीत 'तप' हा सुंदर शब्द आहे. तेव्हा नीलकुरिंजी एक तप पूर्ण करून फुलते असे मराठीत चटकन म्हणता येते. तमिळ भाषेने या फुलाला याहूनही मोठा मान दिला. प्राचीन संघम् काव्याच्या शास्त्रात भूमीचे जे पाच प्रकार मानले आहेत, त्यांतील डोंगराळ प्रदेशाच्या प्रकाराला कुरिंजी हेच नाव आहे, आणि प्रेमिकांच्या मीलनाची कविता त्या भूमीशी जोडलेली आहे. एका झुडपाचे नाव सबंध भूप्रदेशाला व एका भावनेला मिळाले. २००६ च्या बहराच्या वर्षी भारतीय टपाल खात्याने नीलकुरिंजीचे तिकीट काढले, आणि त्याच वर्षी केरळ सरकारने तिच्यासाठी कुरिंजीमला हे अभयारण्य जाहीर केले.

मराठीनेही वनस्पतिशास्त्राला एक देणगी दिली आहे, मात्र ती फारशी कोणाला ठाऊक नाही. ब्रेमेकँप या डच वनस्पतिशास्त्रज्ञाने १९४४ साली या मोठ्या गणाची फेरमांडणी केली, तेव्हा मुंबईकडच्या या झुडपासाठी त्याने एक स्वतंत्र गण कल्पिला आणि त्याला 'कार्विया' असे नाव दिले. शंकूसारख्या फुलोऱ्याच्या ग्रीक नावाऐवजी डोंगरातल्या ठाकर-कातकऱ्यांच्या तोंडचा 'कारवी' हा शब्द लॅटिन प्रत्यय लावून शास्त्राच्या दप्तरात दाखल झाला. पुढील शास्त्रज्ञांनी ती विभागणी मानली नाही व कारवी पुन्हा स्ट्रोबिलँथस गणात गेली. तरी जुन्या ग्रंथांतून 'कार्विया कॅलोसा' हे नाव अजून भेटते. मुंबईच्या सेंट झेवियर्स महाविद्यालयातील फादर सांतापाऊ यांनी या कुळाचा विशेष अभ्यास केला होता, आणि कारवी व बांबू यांच्या सामुदायिक बहरासंबंधी त्यांचे लेखन १८८३ साली स्थापन झालेल्या बाँबे नॅचरल हिस्ट्री सोसायटीच्या नियतकालिकात प्रसिद्ध झाले आहे.

नाम मराठीचे आणि विशेषण मात्र इंग्रजीचे, अशी ही स्थिती आहे. 'प्लायटीशियल'ला मराठी प्रतिशब्द कोणता करावा? 'अष्टवार्षिक' हा शब्द पहिल्याने सुचतो, परंतु तो वर सांगितलेली चूकच कायम करतो. शिवाय नीलकुरिंजीला तो लागू पडणार नाही. 'एकफली' हा मोनोकार्पिकचा अर्थ झाला. 'समूहपुष्पी' म्हटले तर मरण निसटते. येथे मराठी बागाइतदारांचा एक शब्द उपयोगी पडण्याजोगा आहे. संत्री, मोसंबी, डाळिंब यांच्या बागांत आंबे बहर, मृग बहर, हस्त बहर असे बहरांचे हिशेब असतात. कोणता बहर धरावयाचा हे शेतकरी ठरवितो. ज्या झाडाला सबंध जन्मात एकच बहर आहे त्याला 'एकबहरी' म्हणावे, आणि तो बहर सर्वांचा मिळून असेल तर 'सह-एकबहरी'. हा शब्द रुळेल की नाही हे बोलणाऱ्यांवर अवलंबून राहील. पण निदान त्यात 'एक' आहे, आणि कारवीच्या बाबतीत तो 'एक' विसरून चालत नाही.

प्रयोगाविषयी दोन शब्द सांगितले पाहिजेत. प्लायटीशियल हे विशेषण जातीला, तिच्या जीवनक्रमाला किंवा तिच्या बहराला लावतात; एखाद्या सुट्या फुलाला लावीत नाहीत. कारवी ही प्लायटीशियल वनस्पती आहे, असे म्हणणे बरोबर. दर काही वर्षांनी येणाऱ्या पुराला, निवडणुकीला किंवा सिंहस्थाला प्लायटीशियल म्हणणे चूक. कारण त्यांत एकदाच होऊन संपणे नाही. भात प्लायटीशियल नाही, कारण त्याचे सारे आयुष्य एका हंगामाचे. घायपात नाही, कारण ते एकटे फुलते. आंबा नाही, कारण तो पुन्हा मोहरतो. कारवी, नीलकुरिंजी आणि सामुदायिक रीतीने फुलून मरणारे बांबू हे मात्र आहेत.

आता या शब्दाच्या काटेकोर अर्थावर काय अवलंबून आहे ते पाहू. एखाद्या आंब्याचा मोहोर यंदा वादळाने झडला तर बागाइतदार हळहळतो, पण पुढच्या वर्षीची आशा धरतो. सातव्या वर्षी कारवीचा एखादा उतार वणव्यात जळून गेला, किंवा तोडून साफ केला गेला, तर तेथे पुढच्या वर्षीची आशा फारशी धरता येत नाही. ज्या झुडपांना आयुष्यात एकच वेळ बी धरावयाचे होते त्यांनी ते धरण्यापूर्वीच जीव सोडलेला असतो. जमिनीत जुने बी फारसे शिल्लक नसते; सर्व भिस्त त्या एका बहरावर असते. जो माणूस कारवीला दर आठ वर्षांनी फुलणारे झुडूप समजतो त्याला वाटते की, यंदा नाही तर पुढच्या खेपेस फुलेल. ज्याला 'एकबहरी' या शब्दाचा अर्थ कळला तो असे म्हणणार नाही.

बहराच्या वर्षी कारवीला पाहुण्यांची वाण नसते. खरी परीक्षा मधल्या सात वर्षांत असते. पौष-माघापासून मृगापर्यंत तो उतार म्हणजे नुसत्या करड्या काठ्यांचे रान दिसते. अजाण माणसाला ती ओसाड, निरुपयोगी जमीन वाटावी यात नवल नाही. उपनगरांत जागेची टंचाई किती आहे हे अंधेरी, घाटकोपरपासून बोरिवली, मुलुंडपर्यंतच्या प्रत्येक कुटुंबाला ठाऊक आहे, आणि ओसाड दिसणाऱ्या डोंगराकडे कोणत्या दृष्टीने पाहिले जाते हेही ठाऊक आहे. वस्तुतः त्या काठ्यांच्या मुळांनी तीव्र उतारावरची माती धरून ठेवलेली असते. मुसळधार पावसात ती माती वाहून जात नाही, याचे श्रेय कारवीकडेही जाते. रानात राहणारा आदिवासी त्या काठ्यांचा उपयोग जाणतो. त्याच्या घराच्या कुडाच्या भिंती कारवीच्या काठ्या बांधून, वर शेणमातीचा गिलावा देऊन उभ्या राहतात. वारली चित्रकला ज्या भिंतींवर जन्मली त्या अशाच भिंती होत. बहराच्या वर्षी मधमाश्या कारवीवर तुटून पडतात, आणि त्या वर्षीचा गडद रंगाचा मध विशेष मानला जातो.

कान्हेरीच्या डोंगरात भिक्षूंनी पहिली लेणी खोदली त्याला सुमारे २००० वर्षे झाली. आठ वर्षांची एक पिढी धरली, तर तेव्हापासून आजवर या उतारांवर कारवीच्या २५० पिढ्या होऊन गेल्या असा हिशेब येतो. त्यांतील प्रत्येक पिढीला बी धरण्याची संधी एकदाच मिळाली, आणि ती तिने साधली म्हणून पुढची पिढी आली. साखळीची एकही कडी दोनदा जोडता येत नाही.

२०२४ च्या बहराचे बी २०२५ च्या पावसात रुजण्याचे. त्या रोपांचा आठवा पावसाळा २०३२ साली येईल. तोपर्यंत बोरिवलीच्या रानात जाणाऱ्याला कारवीवर सामान्यतः फूल दिसणार नाही. खरखरीत हिरवी पाने किंवा वाळक्या काठ्या एवढेच दिसेल. राष्ट्रीय उद्यानातील झुडूप तोडणे वन्यजीव संरक्षणाच्या १९७२ च्या कायद्याने मना आहे. हा नियम फुलांच्या वर्षाइतकाच काठ्यांच्या वर्षीही लागू आहे. उन्हाळ्यात रानात विडीचे थोटूक टाकणारा, किंवा गंमत म्हणून वाळलेले गवत पेटविणारा माणूस काठ्या जाळीत नसतो; तो २०३२ सालचा भाद्रपद जाळीत असतो. घरातील मुलाने त्या काठ्यांकडे बोट दाखवून, ही झाडे मेली आहेत काय, असे विचारले तर त्याला सांगावे की, नाही, ती वर्षे मोजीत आहेत.